जिजीची बोंडली

जिजी चहा बोंडल्याने पीत असे. कपबशा तिच्या घरात भरपूर होत्या आणि आल्यागेल्याला ती त्यातच चहा देई. स्वतःचा चहा मात्र अंगणात, धुण्याच्या दगडावर बसून, तान्ह्या लेकराला दूध पाजायच्या बोंडल्याने. केस पांढरे झालेली, उंच, हाडापेराने रुंद बाई, आणि हातात ते चिमुकलं भांडं. नवीन भाडेकरू पहिल्या दिवशी हसत. मलाही हसू आलं होतं, पण चारचौघांत हसायची मला सवय नव्हती, म्हणून मी पदराआड हसले.

आता बोंडलं कुणाच्या घरात दिसत नाही, म्हणून सांगते. मुठीत मावेल एवढी वाटी आणि तिच्या एका बाजूला चिमणीच्या चोचीसारखी लहान नळी. वाटीत दूध घालायचं, चोच लेकराच्या तोंडाला लावायची. ज्या लेकराला अंगावर ओढता येत नाही, किंवा ज्याची आई आजारी आहे, किंवा जे आता वरचं दूध प्यायला लागलं आहे, त्याच्यासाठी ते असे.

जिजी आमची घरमालकीण. तिचं नाव मला कधीच कळलं नाही. खामगावातली ती सगळी गल्ली तिला जिजी म्हणे, तिच्याहून मोठी माणसंसुद्धा. तोंडावर मी तिला ‘तुम्ही’च म्हणत असे, पण मनात आणि इथे लिहिताना ‘ती’च येते.

तिच्या स्वैपाकघरात एका फळीवर नुसती बोंडली होती. चांदीची, आतून कल्हई केलेली पितळी, काशाची, एक कुंभाराकडून करून घेतलेलं मातीचं, आणि ॲल्युमिनियमचं, ज्याला आम्ही जर्मनचं म्हणत असू. गल्लीत कुणाला गरज लागली की ती त्यातलं एक काढून देई. पण देण्याआधी ते भांडं तिने स्वतः काही दिवस वापरलेलं असे. चहा त्यातच, पाणी त्यातच, औषधाचा काढासुद्धा त्यातच. एकदा मी धीर करून विचारलं, असं का करता म्हणून.

"ज्याची धार मले सोसत नाही," ती म्हणाली, "थे लेकराले कशी सोसंन? मले बोलता येते. त्याले येत नाही."

बोंडलं निवडायची तिची एक पद्धत होती. आधी ते सूर्याकडे धरून ती नळीतून पाही. आतून उजेड दिसला नाही तर ते भांडं बाद. "ज्याच्यात उजेड जात नाही, त्याच्यात दूध सडते," असं ती म्हणे. मग चोचीच्या कडेवरून जीभ फिरवी. मग वाटीचं बूड पाही. मांडीवरच्या लेकराला हलकं भांडं, दात आलेल्याला जाड कडेचं, आणि जे पायावर उभं राहून स्वतः हात घालतं त्याला बसक्या बुडाचं, म्हणजे पालथं होणार नाही. लेकरू पाहिल्याशिवाय ती बोंडलं देत नसे. पाही मात्र लांबून. उंबऱ्यावर उभी राही, लेकराच्या ओठांकडे, मग गळ्याकडे पाही, आणि आत जाऊन फळीवरून एक काढून आणी. दुसरं दाखवा म्हटलेलं तिला चालत नसे.

गळ्याकडे पाहायची तिला खोडच होती. पंगतीत बसली तरी ती समोरच्याच्या ताटाकडे न पाहता गळ्याकडे पाही. माझे यजमान तिच्यासमोर पाणी प्यायला संकोचत. "मी पाणी पेतो तं ही बाई घोट मोजून राह्यली का, काही समजत नाही," असं ते म्हणत.

तिच्याबरोबर मी एकदा सराफाकडे गेले होते. शेजारच्या बाईच्या भावाला भाचीच्या बारशात चांदीचं बोंडलं द्यायचं होतं आणि त्याने जिजीला पसंत करायला सांगितलं. मी तेव्हा गरोदर होते. "चाल व, पाहून ठेव," म्हणून तिने मला ओढून नेलं. खामगावच्या चांदीचं नाव मोठं. सराफाने गादीवर चार-पाच बोंडली मांडली. कुणावर वेल, कुणावर मोर.

"पाणी आणा," जिजी म्हणाली.

तिला तहान लागली असं समजून त्याने तांब्या आणि पेला मागवला. जिजीने पेला बाजूला सारला, तांब्यातलं पाणी एका बोंडल्यात ओतलं आणि तोंडाला लावून प्यायली. मग दुसऱ्यात ओतलं.

"अवं बाई," सराफ गादीवरून अर्धा उठला, "सारा माल उष्टा झाला."

"मंग? हे लेकराच्या तोंडात जाणार हाय का देवाऱ्यात बसणार हाय?"

"बारशात मांडाची वस्तू हाय थे, जिजी. त्याच्यात कोनी पेते का?"

"कोनी पेत नाही म्हणूनच तुह्ये मोर नाचून राह्यले. ह्या पिसात दूध जाऊन बसंन, थे काढाले तू येशीन?"

दुकानात पैंजण पाहायला आलेल्या बायका पैंजण सोडून हेच पाहू लागल्या. जिजीने एक अगदी साधं, नक्षी नसलेलं बोंडलं उचललं, त्याच्या चोचीवर जीभ फिरवली आणि म्हणाली, "कानस आन." सराफाने कारागिराकडून कानस आणवली. तो घासायचा, ती जीभ लावायची आणि म्हणायची, "अजून." पुन्हा घासायचा. "अजून." मला वाटलं, आता हा माणूस आम्हाला हाकलून देणार. मी भिंतीला चिकटून उभी होते. पण कुणास ठाऊक काय झालं, तिसऱ्या-चौथ्या खेपेला त्याने जिजीला न देता ते बोंडलं स्वतःच तोंडाला लावलं. डोळे मिटून कड चाचपली.

"हाव," तो म्हणाला. "आता लागत नाही."

त्यानंतर जिजी दुकानात आली की तो तिला नमस्कार करत असे.

ती नवीन गोष्टींच्या विरुद्ध होती असं मात्र नाही. गल्लीत एका कारकुनाचं बिऱ्हाड आलं. त्याच्या बायकोने काचेची बाटली आणि रबराचं बोंड आणलं होतं. सगळ्या बायका पाहायला गेल्या. जिजीनेही हातात घेऊन ती सूर्याकडे धरली, मग बोंड काढून हुंगलं.

"याच्यात काल सकायचं दूध हाय," ती म्हणाली.

"धुतली मी, जिजी. गरम पाण्याने धुतली."

"बाटली धुतली. बोंड उलटं करून धुतलं का?"

त्या पोरीने बोंड उलटं केलं तर आत सुकलेल्या सायीचा थर होता. जिजीने स्वतःच्या चुलीवर पाणी ठेवलं, बोंड उकळलं, बाटलीत दूध भरलं आणि सगळ्यांसमोर ते रबर तोंडात धरून ओढलं. गालफडं आत गेलेली ती उंच बाई बघून बायकांना हसू आवरेना. कुणीतरी म्हणालं, "जिजी, मांडीवर घेऊ का?" जिजी सगळी बाटली संपवूनच थांबली. "चांगली हाय," ती म्हणाली. "जिले रोज उकळून धुवाले जमते, तिले चालते. जिले जमत नाही, तिनं बोंडलं घ्यावं. त्याच्यात बोट जाते."

हे सगळं हसण्यासारखं वाटेल, पण गल्ली तिला नुसती हसत नव्हती, भीतही होती. जिजीला मूलबाळ नव्हतं. नवरा जाऊन बरीच वर्षं झाली होती. अशा बाईने लेकराच्या गळ्याकडे टक लावून पाहणं कुणाला बरं वाटत नसे. ती दिसली की आया लेकरावर पदर ओढून घेत. आणि तिने स्वतःही कधी कुणाचं लेकरू मांडीवर घेतलं नाही, गालाला हात लावला नाही, गोड आहे म्हटलं नाही. बोंडलं उंबऱ्यावर ठेवून ती मागे सरायची. आईने ते उचलायचं. एवढं अंतर तिनेच आखून घेतलं होतं आणि मी तिला ते कधी ओलांडताना पाहिलं नाही.

आम्ही तिच्या घरात राहायला आलो ते यजमानांना कापसाच्या जिनिंगमध्ये काम लागलं म्हणून. महाराष्ट्र राज्य तेव्हा नवीन होतं आणि माझं लग्नही. सासूबाई आमच्याजवळच राहत. त्या जानेफळच्या. पाच लेकरं वाढवलेली, बोलण्यात खणखणीत बाई. त्यांनी पहिल्याच आठवड्यात मला बजावलं, "त्या घरवालीच्या पुढ्यात जेवाले बसू नोको. आन पोटावर पदर ठेवत जाय." मी हो म्हटलं. मी सगळ्यांनाच हो म्हणत असे. पण आमच्या खोलीची आणि जिजीच्या स्वैपाकघराची भिंत एकच होती, कुडाची, वर हातभर मोकळी. इकडची फोडणी तिकडे कळे. पदर कुठवर पुरणार?

बाळंतपणाला माहेरी देऊळघाटला जायचं ठरलं होतं. त्याआधीच, आठव्या महिन्यात, पोरगी झाली. दोन्ही तळहातांवर मावेल एवढी. रडली ती मांजराच्या पिलासारखी. सरकारी दवाखान्यातल्या डॉक्टरांनी सांगितलं की पोटात दूध जात राहिलं तर पोरगी राहील. बाकी काही औषध नाही. अंगावर तिला ओढता येत नव्हतं. तोंड लावायची, दोनदा ओढायची आणि दमून झोपायची. मला दूध होतं. ते वाटीत काढायचं आणि तिला पाजायचं, एवढंच करायचं होतं.

सासूबाईंनी ट्रंकेतून माझ्या यजमानांच्या वेळचं पितळी बोंडलं काढलं. त्यांची रीत आमच्याकडच्या सगळ्याच बायकांची होती. पाय लांब करून बसायचं, लेकराला पायांवर उताणं निजवायचं, डोकं जरा खाली, आणि बोंडल्याने तोंडात दूध ओतायचं. लेकरू तोंड मिटायला लागलं की नाक चिमटीत धरायचं. मग श्वासासाठी तोंड उघडतं आणि दूध आत जातं. घशात गुळगुळ आवाज होतो. त्या आवाजाने बायकांना समाधान वाटे, लेकरू पितंय म्हणून. माझ्या आईनेही असंच केलं असेल. कुणाला त्यात वावगं दिसत नव्हतं.

तिसऱ्या की चौथ्या दिवशी दूध ओतताना पोरगी काळीनिळी पडली. सासूबाईंनी तिला पालथी करून पाठ थोपटली. दूध नाकातून आलं आणि मग तो बारीक आवाज निघाला. मी भिंतीशी बसून होते. तेवढ्यात दारात जिजी उभी राहिली. न बोलावता ती आमच्या खोलीत त्या दिवशी पहिल्यांदा आली.

"असं पाजू नोका," ती म्हणाली.

सासूबाईंनी पोरीवर पदर टाकला. "म्या पाच वाढवले, बाई."

"वाढले थे. बळकट होते म्हणून तुमच्या हातून वाचले. हे बळकट नाही."

"तुम्हाले काय ठाऊक? तुमच्या मांडीवर कधी लेकरू होतं का?"

मला वाटलं जिजी आता निघून जाईल. ती खाली बसली, पाय लांब केले आणि म्हणाली, "माह्या मांडीवर नव्हतं. आता तुम्ही निजा. तुम्ही लेकराले जसं पाजता तसं म्या तुम्हाले पाजतो. मंग सांगा."

"मी निजू? तुमच्या पायावर?"

"मी निजतो," मी म्हटलं.

हे मी कसं बोलले ते मला आजही कळत नाही. सासूबाईंसमोर मी पाणीसुद्धा मागून पीत नसे. पण मी उठले आणि जिजीच्या पायांवर उताणी निजले. तिने माझं डोकं गुडघ्यांपलीकडे जरा उतरतं घेतलं. बोंडल्यात पाणी घेतलं. छत दिसत होतं आणि तिचा हात. मग पाणी आलं. मी गिळायच्या आत आणखी आलं. मी तोंड मिटलं तर तिने माझं नाक धरलं. मी तोंड उघडलं तर पाणी. माझ्या घशातून तोच गुळगुळ आवाज येत होता आणि मला ओरडायचं होतं, हात झाडायचे होते, पण तिने माझे हात पदरात गुंडाळून ठेवले होते, बाळाचे असतात तसे. किती वेळ ते ठाऊक नाही. थोडाच असेल. मला वाटलं मी मरते.

तिने मला उठवून बसवलं. मी खोकत होते. तिने माझं खोकणं थांबू दिलं.

"आता हे पाह्य," ती म्हणाली.

मी सरळ बसलेली. तिने बोंडल्याची चोच माझ्या खालच्या ओठावर टेकवली आणि पाणी नुसतं ओठापर्यंत येईल एवढं वाकवलं. आणि थांबली. ओतलं नाही. मी तिच्याकडे पाहिलं, ती माझ्या गळ्याकडे पाहत होती. मग मीच जीभ पुढे केली, थोडं घेतलं, गिळलं. ती थांबलेलीच. मी श्वास घेतला. मग पुन्हा घेतलं. पिणं माझ्या हातात होतं. नुसतं पाणी होतं ते, पण माझ्या डोळ्यांतून धारा लागल्या.

"लेकराले पाजाचं नसते," जिजी म्हणाली. "त्याले पेऊ द्याचं असते. तू फक्त वाट पाहजो."

मग तिने मला पोरीला उभी धरायला शिकवलं, मानेमागे हात, अंग कापडात गुंडाळलेलं. चोच खालच्या ओठावर. स्वतः ती पोरीपासून दोन हात लांब बसली होती. बोटाने हवेत दाखवत होती, इतकं वाकव, आता थांब, आता सरळ कर. पोरीने इवलीशी जीभ बाहेर काढली आणि मांजरीचं पिलू बशीतलं दूध चाटतं तशी चाटली. गिळल्याचा आवाज मला आला नाही. जिजीला आला. "गेला," ती म्हणाली. "घोट गेला. आता श्वास घेऊ दे."

सासूबाई कोपऱ्यात तोंड फिरवून बसल्या होत्या. त्या दिवसापासून त्यांनी पाजायचं माझ्यावर सोडलं, पण जिजीशी बोलणं टाकलं. एका दुपारी मात्र मी आत आले तर त्या चुलीपुढे एकट्याच उताण्या पडल्या होत्या आणि बोंडल्याने स्वतःच्या तोंडात पाणी ओतून घेत होत्या. मी उलट पावली बाहेर गेले. त्यांच्या खोकल्याचा आवाज अंगणात येत होता. आम्ही दोघींनी ती गोष्ट कधी काढली नाही.

एक वेळचं दूध पाजायला तासभर लागे. ते झालं की थोड्या वेळाने पुन्हा बसायचं. जिजी भिंतीपलीकडे आपला स्वैपाक करत असे आणि मधूनच तिचा आवाज येई, "थांब. तिचा घोट बाकी हाय." मी पोरीच्या तोंडासमोर बसलेली, मला दिसत नसे, आणि तिला भिंतीपलीकडून, भाकरी थापताना, कळे. मी हात थांबवला की खरंच पोरीचा गळा हले. माझ्या अंगावर काटा येई. मी देवळात बऱ्याच वेळा गेले आहे, पण अंगावर काटा आला तो त्या कुडाच्या भिंतीपाशी.

मग एक दिवस पोरीने पिणं सोडलं. सकाळपासून जीभ पुढे येईना. ओठाला चोच लावली की नुसती कूस बदलल्यासारखं करी. दुपार झाली. उन्हाने पत्रे तापले होते. अंगावरचं दूध वाटीत काढायचं, ते नासायचं, फेकायचं, पुन्हा काढायचं. पोरीचे डोळे आत गेले होते. यजमान जिनिंगमधून परत आले आणि आत न येता ओट्यावर बसून राहिले.

सासूबाई म्हणाल्या, "आता बस झालं. म्या ओततो. चार थेंब तरी पोटात जाऊ दे."

"नाकातोंडात जाईन," भिंतीपलीकडून जिजी म्हणाली.

"मंग काय उपाशी मारू? लेकरू गेलं तं तुम्ही देणार हाय का भरून?" सासूबाईंचा आवाज फाटला. त्यांनी माझ्या हातातून बोंडलं घेतलं. मी दिलं. मलाही वाटत होतं की ओतावं. काही का होईना, आत जावं.

जिजी दारात आली. या वेळी तिने सासूबाईंकडे पाहिलं नाही, माझ्याकडेही नाही. उंबऱ्यावर बसून ती पोरीकडे पाहत राहिली, वाकून, मान वाकडी करून.

"जीभ हालून राह्यली," ती म्हणाली. "पाह्य. शोधून राह्यली थे. पण वर येत नाही. तिच्यात आता तेवढी ताकद नाही. चोच उंच हाय तिले."

ती उठून गेली. भिंतीवरून सांडशीचा आवाज आला. मी उठून तिच्या दारापाशी गेले. ती चुलीपुढे बसली होती. तिच्या हातात चांदीचं एक पातळ, जुनं बोंडलं होतं. ते फळीवर सगळ्यांच्या मागे असे आणि ते तिने कुणाला दिल्याचं मी पाहिलं नव्हतं. तिच्या लग्नात माहेरहून आलेलं, असं बायका म्हणत. ते तिने सांडशीत धरलं आणि चोच दाबली. चांदी मऊ असते. चोच चपटी झाली. मग कापडात धरून अंगठ्याने तिची कड खाली वळवली, पिंपळाच्या पानाचं टोक असतं तशी. मोडकं दिसायला लागलं ते भांडं. तिने कड जिभेने पाहिली, दगडावर थोडी घासली, पुन्हा पाहिली. पाण्यात उकळलं. हाताच्या उष्णतेला येईपर्यंत मुठीत धरून बसली. मग उठून आमच्या उंबऱ्यावर आणून ठेवलं आणि मागे सरली.

मी ताजं दूध काढलं. पोरीला उभी धरली. ते चपटं टोक ओठाच्या वर नाही, ओठाच्या आत जिभेपाशीच टेकत होतं. दुधाची कड जिभेला लागली. काही झालं नाही.

"हात हालवू नोको," जिजी म्हणाली.

सासूबाई माझ्या शेजारी गुडघ्यावर होत्या. त्यांचा हात दोनदा पुढे आला, मागून बोंडलं उचलून वाकवायला. दोन्ही वेळा तो हात मधेच थांबला आणि मागे गेला. त्यांना काय कष्ट पडले ते मी पाहिलं. मी वाट पाहत होते. वाट पाहणं हे काम आहे हे तोवर मला माहीत नव्हतं. माझा दंड दुखायला लागला, बधिर झाला. दूध निवलं. जिजी म्हणाली, "बदल," मी दूध बदललं, पुन्हा टेकवलं.

जीभ हलली. टोकावरून फिरली आणि आत गेली. बराच वेळ काही नाही.

"गेला," जिजी म्हणाली.

पुन्हा जीभ आली. "गेला." मग बऱ्याच वेळाने पुन्हा. दिवस कलेपर्यंत ती उंबऱ्यावर बसून तेवढाच एक शब्द बोलत राहिली आणि प्रत्येक वेळी ओट्यावर बसलेले यजमान तो शब्द हळूच स्वतःशी म्हणत. वाटीतलं दूध तळाशी गेलं तेव्हा पोरगी झोपली. तोंडाच्या कोपऱ्यात दूध लागलं होतं. सासूबाईंनी ते पुसलं नाही. त्यांनी ते बोंडलं उचललं, धुतलं, आणि स्वतः जिजीच्या दारात नेऊन दिलं. काय बोलल्या ते मला ऐकू आलं नाही. बोलल्या नसतीलही.

पुढच्या वेळच्या दुधाला ते पुन्हा उकळून आमच्या उंबऱ्यावर आलं. पोरगी राहिली. तिचं नाव सुमन ठेवलं. अंगावर पुढे ओढायला शिकली. वरचं दूध सुरू झालं तेव्हा जिजीने तिला दुसरं बोंडलं दिलं, मग दात आल्यावर तिसरं. चालायला लागली तेव्हा बसक्या बुडाचं. पोरीने ते स्वतःच्या हातांनी धरायला सुरुवात केली आणि एके सकाळी जिजीने दारात येऊन सांगितलं, "आता बोंडलं परत करा. पेला द्या तिले."

मी म्हटलं, "अजून सांडते हो, जिजी."

"सांडू दे. सांडल्याशिवाय येते का कोनाले?"

तिने एक बिनकानाचा, जाड काठाचा, लहान पितळी पेला उंबऱ्यावर ठेवला आणि बोंडलं उचलून घेऊन गेली. पोरीने भोकांड पसरलं. दोन दिवस ती बोंडल्यासाठी रडली. मला जिजीचा राग आला, सासूबाईंना आला नाही. "दे व पेला," त्या म्हणाल्या, "थे म्हणते तं बरोबरच असंन." त्या तसं म्हणतील असं मला कधी वाटलं नव्हतं.

तिसऱ्या दिवशी सुमनने पेला दोन्ही हातांनी धरला. आम्ही अंगणात होतो. जिजी धुण्याच्या दगडावर चहा घेत बसली होती. पोरीने काठ ओठाला लावला, अर्धं दूध झबल्यावर सांडलं, अर्धं प्यायली, आणि मग थांबून पेल्यात पाहिलं. थोडं उरलं होतं. ती तशीच पेला धरून डुलत डुलत निघाली. मला वाटलं माझ्याकडे येईल. ती जिजीच्या पुढ्यात गेली.

जिजी मागे सरू लागली, पण मागे भिंत होती. सुमनने टाचा उचलल्या आणि पेल्याचा काठ जिजीच्या खालच्या ओठाला टेकवला. ओतलं नाही. नुसता टेकवला, दूध ओठापर्यंत आलं, आणि ती जिजीच्या तोंडाकडे पाहत उभी राहिली.

जिजी हलेना. तिच्या हातातल्या बोंडल्यातून चहा लुगड्यावर गळत होता. पोरीचे हात भाराने थरथरू लागले, तरी तिने पेला काढून घेतला नाही.

मी सासूबाईंकडे पाहिलं. त्या दारात सूप घेऊन उभ्या होत्या. जिजीच्या जवळ लेकरू गेलं की पदर घेऊन धावणाऱ्या त्याच होत्या. त्या जागच्या हलल्या नाहीत.

"पेऊन घ्या, जिजी," त्या म्हणाल्या. "लेकरू वाट पाहून राह्यलं."